मुठेच्या खोऱ्याचा मागोवा : कात्रजच्या तलावांपासून टेमघरपर्यंत

पुणे जिल्ह्यातील मुठा ही भीमेच्या खोऱ्यातली एक लहान नदी आहे. सह्याद्रीच्या माथ्यालगत, मुळशी तालुक्यातील टेमघरच्या परिसरात ती उगम पावते आणि जेमतेम पन्नास-साठ किलोमीटरचा प्रवास करून पुणे शहरातील संगमावर मुळेला मिळते; तेथून पुढे मुळा-मुठा या जोडनावाने वाहत जाऊन दौंड आणि शिरूर तालुक्यांच्या परिसरात तिचे पाणी भीमेत, भीमेतून कृष्णेत आणि अखेर बंगालच्या उपसागरात पोहोचते. एवढ्याशा नदीचा पावणेतीनशे वर्षांचा मागोवा घ्यावा असे तिच्यात काय आहे, याचे उत्तर तिच्या काठच्या शहरात सापडते. पुण्याने पाण्यासाठी या खोऱ्याचा एकेक भाग क्रमाक्रमाने वापरात आणला : अठराव्या शतकात कडेचे ओढे, एकोणिसाव्या शतकात मुख्य नदी आणि विसाव्या शतकात उपनद्यांचे वरचे पट्टे. प्रत्येक टप्प्यात पाणी शहरापासून अधिक दूर आणि अधिक उंचावर अडवले गेले, आणि पाणी वरून येऊ लागले तसतशी खालच्या पात्राची, काठाची व ओढ्यांची गरज शहराला उरली नाही. शहरावर पाण्यामुळे आलेली संकटे मात्र बहुतेक वेळा अशा जागांहून आली, ज्यांच्याकडे निर्धोक म्हणून किंवा निरुपयोगी म्हणून लक्ष देणे थांबले होते. हे सूत्र खोऱ्याच्या भूगोलातूनच निघते, म्हणून प्रारंभ तेथूनच करणे इष्ट ठरते.

खोऱ्याची रचना

ज्या भूभागावर पडलेल्या पावसाचे पाणी उताराने वाहत एकाच प्रवाहात येऊन मिळते, त्या भूभागास त्या प्रवाहाचे पाणलोट क्षेत्र म्हणतात, आणि दोन शेजारच्या पाणलोटांना वेगळे करणारी डोंगराची धार म्हणजे जलविभाजक. मुठेच्या खोऱ्याचे जलविभाजक ठळक आहेत. पश्चिमेस सह्याद्रीचा माथा असून त्याच्या पलीकडचे पाणी कोकणात उतरते. उत्तरेकडील डोंगररांग तिला मुळेच्या खोऱ्यापासून अलग करते. दक्षिणेस सिंहगड ते कात्रज आणि पुढे दिवे घाटाकडे जाणारी भुलेश्वरची रांग असून तिच्या दक्षिण उतारावरचे पाणी नीरेच्या खोऱ्यात जाते. या रांगेवरील सिंहगडाचा माथा समुद्रसपाटीपासून सुमारे १,३०० मीटर उंच आहे, तर पुणे शहर सुमारे ५६० मीटरवर वसले आहे.

वरच्या भागात हे खोरे एकसंध नाही. तेथे जवळजवळ समांतर अशा तीन दऱ्या आहेत : उत्तरेकडे खुद्द मुठा, मध्ये मोसी आणि दक्षिणेकडे आंबी. मोसी आणि आंबी आधी एकमेकींना मिळतात, त्यांचा एकत्र प्रवाह सांगरुणजवळ मुठेस मिळतो, आणि तेथून थोड्याच अंतरावर दऱ्या संपून खोरे रुंदावते. दख्खनच्या पठाराप्रमाणे येथील खडकही बेसाल्ट आहे. लाव्ह्याचे थर एकावर एक आडवे साचल्यामुळे आणि त्यांचा कठीणपणा कमीजास्त असल्यामुळे डोंगरांना सपाट माथे, उभे कडे आणि मधल्या माच्या असे पायऱ्यांचे रूप आले आहे. अशा खडकात पाणी खोलवर मुरत नाही. ते फटींत आणि मुरुमाच्या पातळ थरात साठते आणि उरलेले झपाट्याने उतरते. त्यामुळे पावसाळ्यात दुथडी भरून वाहणारे येथील प्रवाह उन्हाळ्यात डोहांपुरते उरत.

पावसाची वाटणी हे या खोऱ्याचे सर्वांत महत्त्वाचे वैशिष्ट्य होय. सह्याद्रीच्या माथ्यालगत वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या घरात आणि काही वर्षी त्याहूनही अधिक पाऊस पडतो, तर पन्नास किलोमीटर पूर्वेस, पुण्यात, तो सातशेच्या आसपास येतो. मोसमी वारे घाट चढताना आपले बहुतेक बाष्प माथ्यावरच टाकतात आणि पूर्वेकडे उतरताना कोरडे होत जातात, हे त्यामागचे कारण. अशा पट्ट्यास पर्जन्यछायेचा प्रदेश म्हणतात. शिवकाळात मुठे खोरे आणि मोसे खोरे या नावांनी ओळखल्या गेलेल्या मावळपट्ट्यात म्हणूनच भातखाचरे आणि उतारावर नाचणी-वरी, तर हवेलीच्या पूर्व भागात ज्वारी-बाजरी, अशी पिकांची विभागणी होती. पाणी खोऱ्याच्या पश्चिम टोकाला आणि सपाट जमीन व मोठी वस्ती पूर्व टोकाला, या विसंगतीतूनच पुढचा सगळा इतिहास घडला.

ओढ्यांचा काळ

कसबे पुणे मुठेच्या उजव्या तीरावर, नदी आणि नागझरी नावाचा ओढा यांच्या दरम्यान वसले. दक्षिणेकडून आंबिल ओढा गावात शिरत असे. कात्रजच्या डोंगरात उगम पावणारा हा ओढा पूर्वी आजच्या मध्यवस्तीतून वाहत जाऊन मुठेस मिळे. पेशव्यांनी पुणे राजधानीचे ठिकाण केल्यावर पेठा वाढल्या आणि पाण्याची गरज नदीकाठच्या विहिरींनी भागेनाशी झाली. मुठा जवळ होती, पण तिचे पात्र वस्तीच्या खाली होते; पाणी उपसून चढवण्यापेक्षा उंचावरून आपसूक वाहत आणणे त्या काळच्या तंत्राला अधिक सोयीचे होते.

म्हणून बाळाजी बाजीराव ऊर्फ नानासाहेब पेशव्यांच्या कारकिर्दीत, १७५० च्या आसपास, कात्रज येथे आंबिल ओढ्यावर बांध घालून तलाव करण्यात आले आणि तेथून शनिवारवाड्यापर्यंत दगड-चुन्यात बांधलेला भूमिगत नळ आणण्यात आला. या नळाची रचना बारकाईने पाहण्याजोगी आहे. वरच्या तलावात गाळ बसवून पाणी खालच्या तलावात घेतले जाई. नळात माणूस उतरून साफसफाई करू शकेल इतकी जागा ठेवलेली होती. आणि ठराविक अंतरांवर जमिनीच्या वर डोकावणारे दगडी मनोरे उभारले होते, ज्यांना उच्छ्वास किंवा उसासे म्हणत. नळातील कोंडलेली हवा त्यांतून बाहेर पडे आणि आत अडथळा आला तर तो नेमका कोणत्या दोन उच्छ्वासांच्या दरम्यान आहे हे वरून ओळखता येई. नळाच्या वाटेवर ठिकठिकाणी हौद बांधण्यात आले आणि पेठांतील लोक त्यांवर पाणी भरू लागले. पुढे नाना फडणीसांच्या काळात दुसऱ्या एका नळाची भर पडली आणि सदाशिव पेठेतील हौद त्यामुळे प्रसिद्धीस आला.

याच काळात आंबिल ओढ्याचा मार्गही बदलण्यात आला. पर्वतीच्या पायथ्याशी बांध घालून त्याचा प्रवाह पश्चिमेकडे वळवला गेला, त्यामुळे शहराच्या मध्यातली जमीन पेठांसाठी मोकळी झाली; पर्वतीखाली तळेही तयार झाले, ज्याच्या जागी आता सारसबाग आहे. हा बदल तेव्हा निर्विवाद लाभाचा होता. मात्र ओढ्याची वाट बदलली तरी त्याचे पाणलोट क्षेत्र बदलत नाही. कात्रजच्या डोंगरावर पडणारे पाणी तेवढेच राहते आणि नव्या, माणसाने ठरवलेल्या वळणातून त्याला जावे लागते. या गोष्टीची किंमत पुढे अडीचशेहून अधिक वर्षांनी मोजावी लागली.

खडकवासला : नदी हाताशी

पेशवाई संपल्यावर पुण्याच्या पूर्वेस आणि उत्तरेस लष्करी छावण्या वसल्या. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास सर जमशेटजी जिजीभाई यांच्या देणगीच्या साहाय्याने संगमाच्या खाली मुळा-मुठेवर बंधारा बांधण्यात आला, ज्यावरून बंडगार्डन हे नाव रूढ झाले; परंतु शहराच्या खालच्या अंगाला अडवलेले पाणी वाढत्या वस्तीला पुरणारे नव्हते आणि ते उपसावेही लागे. दुसरीकडे, पुण्याच्या पूर्वेकडील तालुके वारंवार अवर्षणाने गांजलेले होते. या दोन्ही गरजा एकाच कामातून भागवण्याची योजना रॉयल इंजिनिअर्समधील अधिकारी फाइफ यांनी १८६० च्या दशकात आखली : खोरे जेथे दऱ्यांतून बाहेर पडून रुंदावते, त्या खडकवासल्याच्या जागी मुठा अडवायची आणि दोन्ही तीरांवरून कालवे काढायचे. दगडी बांधकामाचे हे धरण १८७९ पर्यंत पूर्ण झाले. देशातील दगडी बांधकामाच्या पहिल्या मोठ्या धरणांत त्याची गणना होते, आणि इंग्रजी अमदानीत त्याचा जलाशय फाइफ यांच्याच नावाने ओळखला जाई.

या धरणाने खोऱ्याचा भूगोल दोन प्रकारे बदलला. पहिला बदल जलाशयाचा, जो डोळ्यांना दिसतो. दुसरा उजव्या कालव्याचा, जो तितकाच खोल आहे. कालवा समान उंचीच्या रेषेवरून, अगदी मंद उताराने न्यावा लागतो. त्यामुळे मुठेचा उजवा कालवा सिंहगड-कात्रज बाजूच्या टेकड्यांच्या पायथ्याने, पर्वतीला वळसा घालून, स्वारगेटवरून हडपसरकडे आणि पुढे शंभर किलोमीटरहून अधिक अंतर दौंडकडे गेला. डोंगराकडून नदीकडे येणारा प्रत्येक ओढा त्याला कोठे ना कोठे ओलांडावा लागला. एका अर्थी डोंगर आणि नदी यांच्यामध्ये माणसाने एक आडवी रेघ ओढली, जिच्या वरच्या अंगाला नैसर्गिक उतार आणि खालच्या अंगाला शहर आले. कालव्याच्या पाण्यावर हडपसर, मांजरी, लोणी काळभोर या पट्ट्यात ऊस, भाजीपाला आणि फळबागा उभ्या राहिल्या आणि पर्जन्यछायेच्या प्रदेशात बागायतीचा एक लांबट पट्टा तयार झाला. शहराला कालव्याचेच पाणी मिळू लागले आणि कात्रजचा नळ हळूहळू दुय्यम ठरला.

खडकवासल्याचे महत्त्व पुढे आणखी एका अंगाने वाढले. १९१६ मध्ये मुंबई इलाख्याने पाटबंधाऱ्यांच्या प्रश्नांसाठी सुरू केलेले संशोधन केंद्र नंतर खडकवासल्यास आले आणि कालांतराने केंद्रीय जल व विद्युत संशोधन केंद्र म्हणून देशभर ओळखले जाऊ लागले. नद्या, बंदरे आणि धरणे यांच्या प्रतिकृती उघड्या मैदानात बांधून त्यांतून खरोखरचे पाणी सोडून पाहण्याचे काम येथे होते, आणि त्यासाठी जलाशयाचे सान्निध्य उपयोगी पडते. देशातल्या मोठ्या नद्यांच्या वर्तनाचा अभ्यास या लहान नदीच्या काठावर होऊ लागला.

१२ जुलै १९६१

स्वातंत्र्यानंतर शहर आणि बागायत दोन्ही वाढल्यामुळे एकट्या खडकवासल्याचा साठा अपुरा पडू लागला. तोपर्यंत खोऱ्याचा वापर ओढ्यापासून नदीपर्यंत आला होता. आता उपनद्यांची पाळी होती. आंबी नदीवर पानशेत येथे मातीचे धरण बांधण्यास सुरुवात झाली. मातीचे धरण म्हणजे दाबून बसवलेल्या मातीचा, मध्ये पाणी न झिरपू देणारा गाभा असलेला रुंद बांध. तो स्वस्त पडतो, पण त्याच्या माथ्यावरून पाणी वाहू लागले तर तो टिकत नाही, म्हणून त्यात पाणी सोडण्याची दारे आणि सांडवा, म्हणजे जादा पाणी सुरक्षितपणे बाहेर काढणारा मार्ग, आधी सिद्ध असावा लागतो.

पानशेतच्या बाबतीत १९६१ च्या पावसाळ्यातच पाणी साठवण्याचा निर्णय झाला, तेव्हा विमोचकाचे म्हणजे पाणी बाहेर सोडणाऱ्या मार्गाचे काम अपुरे होते. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात पावसाने जोर धरला, विमोचकाजवळचा बांध खचू लागला, जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचून तो सावरण्याचा प्रयत्न केला. परंतु १२ जुलैच्या सकाळी धरण फुटले. ते पाणी खाली खडकवासल्यात शिरले, तेथील जुना दगडी बांध काही तास तग धरून दुपारी फुटला, आणि दोन्ही जलाशयांचे पाणी पुण्यात आले. नदीकाठच्या शनिवार, नारायण, सदाशिव या पेठांचे सखल भाग आणि पलीकडचा डेक्कन जिमखान्याचा परिसर पाण्याखाली गेला, पूल बुडाले, आणि मातीच्या भिंतींचे शेकडो वाडे बसले. चौकशीसाठी नेमलेल्या आयोगाचे काम न्यायमूर्ती नाईक यांच्या अहवालाने पूर्ण झाले.

या घटनेचा भौगोलिक अर्थ असा, की एकाच नदीवर एकाखाली एक असलेली धरणे परस्परांपासून स्वतंत्र नसतात. खडकवासल्याचे धरण ऐंशी वर्षे सुस्थितीत होते आणि त्याची बांधणी त्याच्या स्वतःच्या पाणलोटातील पुरासाठी झाली होती. वरच्या अंगाला उभे राहिलेले नवे धरण फुटले तर काय होईल, हा प्रश्न त्याच्या रचनाकारांपुढे असण्याचे कारणच नव्हते. वर जे काही बांधले जाते त्याचा धोका खालच्या प्रत्येक बांधकामाला वारशाने मिळतो, ही गोष्ट पुण्याला त्या दिवशी समजली.

पुराचा दुसरा परिणाम असा झाला, की नदीला पूर आलेला असताना शहराचे नळ कोरडे पडले, कारण पाणीपुरवठ्याचा एकमेव मोठा स्रोत वाहून गेला होता. काही काळ लोकांना वाड्यांतल्या आड-विहिरींचा आणि टँकरचा आधार घ्यावा लागला. विकेंद्रित जुनी साधने पूर्णपणे मोडीत काढू नयेत, हा त्यातला धडा होता, पण नळ पुन्हा सुरू होताच तो मागे पडला. तिसरा परिणाम वस्तीचा. नदीकाठची बेघर कुटुंबे गोखलेनगर, लोकमान्यनगर, सहकारनगर, पर्वती अशा भागांत नव्याने वसवली गेली, पूरग्रस्तांच्या सहकारी सोसायट्या उभ्या राहिल्या, आणि पेठांच्या मर्यादेत राहिलेले शहर टेकड्यांच्या दिशेने पसरू लागले. मुठेच्या पुराने हलवलेली काही वस्ती अशा रीतीने आंबिल ओढ्याच्या खोऱ्यात गेली.

चार धरणांची साखळी

खडकवासला आणि पानशेत ही दोन्ही धरणे पुन्हा बांधण्यात आली. खडकवासल्याला नवी दारे मिळाली आणि पानशेतचा जलाशय तानाजीसागर म्हणून ओळखला जाऊ लागला. पुढे मोसी नदीवर वरसगाव येथे आणि शतकाच्या अखेरीस खुद्द मुठेच्या उगमाजवळ टेमघर येथे धरण झाले. मोसे खोऱ्यातील शिवकालीन वीर बाजी पासलकर यांचे नाव वरसगावच्या जलाशयास देण्यात आले. या साखळीची क्षमता टीएमसीमध्ये सांगितली जाते. एक टीएमसी म्हणजे शंभर कोटी घनफूट, अर्थात सुमारे २,८३० कोटी लिटर. वरसगावचा उपयुक्त साठा १२.८२, पानशेतचा १०.६५, टेमघरचा ३.७१ आणि खडकवासल्याचा अवघा १.९७ टीएमसी असून चारही मिळून २९.१५ टीएमसी होतात.

या आकड्यांतून खोऱ्याची आजची रचना उलगडते. साठ्याचा नव्वद टक्क्यांहून अधिक भाग वरच्या तीन दऱ्यांत आहे, आणि खडकवासला हे आता साठवणुकीचे धरण न राहता वरून आलेले पाणी कालव्यात, शहराच्या जलवाहिन्यांत किंवा नदीत सोडणारे वितरणाचे ठिकाण बनले आहे. तिन्ही शाखांच्या उगमापर्यंत बांध पोहोचल्यामुळे वर जाण्यास आता जागाच उरलेली नाही. कात्रजपासून सुरू झालेली चढण टेमघरला संपली. टेमघरच्या भिंतीतून होणारी मोठी गळती २०१६ मध्ये चर्चेत आली आणि त्यानंतर दुरुस्तीची कामे हाती घ्यावी लागली, तेव्हा माथ्यावरचे सर्वांत नवे धरणच सर्वांत आधी दुरुस्तीस आले.

या साखळीची किंमत प्रथम मावळातील गावांनी चुकवली. दऱ्यांच्या तळाशी असलेली भातखाचरे हीच तेथील कसदार जमीन होती आणि जलाशयांत तीच बुडाली. विस्थापितांना लाभक्षेत्रात, म्हणजे कालव्याचे पाणी पोहोचते त्या पूर्वेकडील तालुक्यांत, जमिनी देण्यात आल्या, आणि पाण्यापाठोपाठ माणसेही पश्चिमेकडून पूर्वेकडे सरकली. मागे उरलेल्या उतारांवर पर्यटनाची आणि विश्रामगृहांची बांधकामे आली. वरसगावच्या जलाशयाच्या काठी लवासाचे नियोजित शहर उभे राहू लागले आणि २०१० मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने त्याचे काम थांबवण्याचा आदेश दिल्यावर पाणलोट क्षेत्रात किती व काय बांधावे हा प्रश्न राज्यभर चर्चिला गेला. शेजारच्या मुळेवर मुळशीचे पाणी वीजनिर्मितीसाठी कोकणात वळवले जाते आणि त्या धरणाविरुद्ध १९२१ पासून झालेला सत्याग्रह प्रसिद्ध आहे; मुठेचे पाणी पूर्वेकडेच राहिले, म्हणून येथील वाद शहर आणि शेती यांच्यातला झाला. धरणे बांधताना सिंचन हे मुख्य प्रयोजन होते, पण आता पुण्याचा वार्षिक उपसा साखळीच्या एकूण साठ्याच्या निम्म्याहून अधिक आहे, आणि दौंड-इंदापूरकडील शेतकरी दर उन्हाळ्यात कालव्याच्या आवर्तनांसाठी, म्हणजे पाणी सोडण्याच्या ठरलेल्या पाळ्यांसाठी, कालवा सल्लागार समितीच्या बैठकीकडे डोळे लावून असतात. शहराने वापरलेले पाणी मुंढव्याजवळ उपसून जुन्या कालव्यात सोडण्याची योजना या वादावरचा एक तोडगा म्हणून अमलात आली.

खालचे खोरे

धरणांची साखळी पूर्ण होत असताना खडकवासल्याच्या खालच्या नदीचे स्वरूप बदलत गेले. पावसाळ्याचे काही आठवडे सोडले तर धरणातून नदीत पाणी सोडले जात नाही, त्यामुळे विठ्ठलवाडीपासून संगमापर्यंतच्या पात्रात वर्षातील बहुतेक काळ वाहते ते मुख्यतः सांडपाणी. शुद्धीकरण केंद्रांची क्षमता वस्तीच्या वाढीमागे पडल्याने हे पाणी खालच्या गावांना आणि पुढे उजनीच्या जलाशयाला भोवले. २०१६ मध्ये जपानच्या कर्जसाहाय्याने नवी अकरा केंद्रे उभारण्याचा करार झाला. कोरड्या पात्राकडे शहर मोकळी जागा म्हणून पाहू लागले. पात्रात रस्ते झाले, वाहनतळ झाले, भराव पडले. मेट्रोच्या मार्गाचे खांबही काही अंतर पात्राच्या कडेने गेले. भिडे पुलासारखे बुटके पूल रोजच्या रहदारीचे झाले आणि पावसाळ्यात विसर्ग वाढला की ते पाण्याखाली जाऊन बंद होणे हा वार्षिक नेम बनला. विसर्ग म्हणजे धरणातून दर सेकंदाला बाहेर पडणारे पाणी. तो क्युसेकमध्ये मोजतात आणि एक क्युसेक म्हणजे सेकंदाला सुमारे २८ लिटर.

या पात्राला कायद्याने मर्यादा आहेत. सरासरीने पंचवीस वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची पातळी दाखवणारी ती निळी पूररेषा आणि शंभर वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची ती लाल. निळ्या रेषेच्या आत बांधकामास मनाई आणि दोन रेषांच्या दरम्यान निर्बंध, असा नियम आहे. पुण्यात मुठेसाठी या रेषा अनुक्रमे ६० हजार आणि एक लाख क्युसेक विसर्ग गृहीत धरून आखल्या आहेत. पण रेषा आखताना पात्राचा जो आकार धरलेला असतो, तो भराव आणि भिंतींनी बदलला तर तेवढेच पाणी अधिक उंचीने वाहते, आणि रेषा कागदावर जागच्या जागी राहूनही निरर्थक होते.

२०१८ ते २०२४ या सहा-सात वर्षांतील तीन घटना याच खालच्या खोऱ्यातल्या आहेत आणि त्या एकत्र वाचल्या पाहिजेत. २७ सप्टेंबर २०१८ रोजी, पाऊस नसताना, पर्वतीच्या पायथ्याशी मुठेचा उजवा कालवा फुटला आणि दांडेकर पुलालगतच्या वस्तीत पाणी शिरले. शेतीसाठी गावाबाहेरून काढलेला कालवा शहर वाढल्यामुळे दाट वस्तीच्या डोक्यावर आला होता. पुढे त्याला पर्याय म्हणून खडकवासल्यापासून फुरसुंगीपर्यंत बोगद्याची योजना पुढे आली.

दुसरी घटना २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्रीची. कात्रज आणि सहकारनगरच्या परिसरात काही तासांत मुसळधार पाऊस झाला, कात्रजचा तलाव भरून वाहू लागला आणि आंबिल ओढ्याने काठावरच्या भिंती पाडत वस्त्यांत प्रवेश केला. पुणे आणि परिसरात त्या रात्री वीसहून अधिक माणसे दगावली. या पुराचा चारही धरणांशी काहीही संबंध नव्हता. एक चौरस किलोमीटर क्षेत्रावर १०० मिलिमीटर पाऊस पडला की एक लाख घनमीटर, म्हणजे दहा कोटी लिटर पाणी होते. गवताळ उतारावर त्यातला काही भाग मुरतो आणि उरलेला सावकाश उतरतो. छपरे, रस्ते आणि काँक्रीटची अंगणे असलेल्या उतारावर जवळपास सगळे पाणी वाहून निघते, आणि तेही थोड्या वेळात. पेशवेकाळात वळवलेला, नंतरच्या काळात भिंतींनी आवळलेला ओढा हे पाणी सामावू शकला नाही. पानशेतच्या पुरानंतर सहकारनगरच्या बाजूने वाढलेल्या वस्तीलाच त्याचा तडाखा बसला.

तिसरी घटना २५ जुलै २०२४ ची. घाटमाथ्यावर आणि खडकवासल्याच्या भोवती एकाच वेळी जोरदार पाऊस झाला. वरची मोठी धरणे अजून भरत असताना लहानसा खडकवासला भरून गेला आणि तेथून सुमारे ३५ हजार क्युसेक विसर्ग सुरू असताना सिंहगड रस्त्यावरील एकतानगरी आणि आसपासच्या इमारतींचे तळमजले पाण्यात गेले. निळ्या रेषेसाठी गृहीत धरलेल्या विसर्गाच्या हा जेमतेम साठ टक्के होय. येथे मुक्त पाणलोट ही संकल्पना ध्यानात घ्यावी लागते : धरणाच्या खाली असल्यामुळे, किंवा दोन धरणांच्या दरम्यान असल्यामुळे, ज्याचे पाणी कोणत्याही मोठ्या साठ्यात अडत नाही असे क्षेत्र. वरचे तीन बांध आपापल्या दऱ्यांचे पाणी धरून ठेवू शकतात; सांगरुणच्या आसपासचे आणि खडकवासल्याच्या खालचे पाणी धरण्यास कोणीच नाही.

पुढच्या टप्प्याची दिशा

पावणेतीन शतकांच्या या वाटचालीत प्रत्येक पिढीने आपल्या काळचा प्रश्न सोडवला, हे मान्य करावे लागते. कात्रजच्या नळाने पेठांना पाणी दिले, खडकवासल्याने पर्जन्यछायेत बागायत आणली, वरच्या धरणांनी लाखोंचे शहर जगवले. मात्र प्रत्येक उत्तर खोऱ्याच्या एका भागापुरते होते. धरणे आणि कालवे जलसंपदा विभागाकडे, नाले आणि सांडपाणी महापालिकेकडे, वरच्या गावांतली बांधकामे प्रादेशिक विकास प्राधिकरणाकडे, पूररेषेची अंमलबजावणी अनेकांकडे विखुरलेली, अशी वाटणी असल्यामुळे संपूर्ण पाणलोटाचा एक हिशेब कोणाच्याच दप्तरी राहत नाही. २०१७ मध्ये अकरा आणि २०२१ मध्ये तेवीस गावे समाविष्ट झाल्यावर महापालिकेचे क्षेत्र पाचशे चौरस किलोमीटरच्या वर गेले, म्हणजे खडकवासल्याच्या वरच्या संपूर्ण पाणलोटाच्या जवळपास बरोबरीचे झाले. शहराची सगळी हद्द मुठेच्या खोऱ्यात येत नाही हे खरे. तरीही या तुलनेतून एक गोष्ट निश्चित होते, की पावसाचे पाणी वेगाने वाहून देणाऱ्या कठीण पृष्ठभागाचा विस्तार आता डोंगरातल्या पाणलोटाच्या तोडीचा होत आहे आणि पुराचा एक उगम शहर स्वतः बनले आहे.

वर बांधण्यासारखे काही उरलेले नाही, तेव्हा यापुढचे काम खालच्या खोऱ्यातच करावे लागेल. मुळा, मुठा आणि मुळा-मुठेच्या सुमारे ४४ किलोमीटर काठांच्या सुशोभनाची योजना सध्या गाजते आहे. तिची पहिली कसोटी पात्राची पाणी वाहून नेण्याची क्षमता तिच्यामुळे वाढते की घटते, हीच असली पाहिजे. त्यापलीकडे, नदीइतक्याच काटेकोर पूररेषा आंबिल ओढा आणि नागझरी यांनाही लागू करणे, कात्रजच्या तलावात पावसाळ्यापूर्वी पुरासाठी मोकळी जागा राखणे, कालवा आणि ओढा जेथे एकमेकांस ओलांडतात त्या प्रत्येक जागेची दरवर्षी तपासणी करणे, आणि मुक्त पाणलोटातील पर्जन्यमापकांची आकडेवारी खडकवासल्याच्या विसर्गाच्या निर्णयाशी जोडणे, ही कामे तुलनेने लहान आणि कमी खर्चाची आहेत. ती झाली तर पुण्याच्या जलव्यवस्थेच्या इतिहासात खालच्या खोऱ्याचा विचार प्रथमच वरच्या खोऱ्याइतक्या गांभीर्याने झाला असे म्हणता येईल. आणि न झाली तर पुढच्या पुराची कारणे शोधण्यासाठी नवा आयोग नेमण्याची गरज पडणार नाही, कारण ती कारणे या खोऱ्याच्या नकाशावर आधीच दिसत आहेत.